कोंबडीच्या विषाणूपासून देशाच्या संशोधन-निधीपर्यंत : हॅरॉल्ड व्हार्मस यांची वाटचाल

१९९३ च्या नोव्हेंबरमध्ये हॅरॉल्ड व्हार्मस यांनी अमेरिकेतील नॅशनल इन्स्टिट्यूट्स ऑफ हेल्थ, म्हणजेच एनआयएच, या संस्थेची सूत्रे हाती घेतली. कर्करोगावरील संशोधनासाठी मिळालेले नोबेल पारितोषिक त्यांच्या नावावर होते, पण स्वतःच्या प्रयोगशाळेपलीकडे कारभाराचा अनुभव जवळजवळ नव्हता. एनआयएच ही वैद्यकीय संशोधनाला पैसा पुरवणारी जगातील सर्वांत मोठी सार्वजनिक संस्था आहे आणि त्या वेळी तिचा वार्षिक अर्थसंकल्प सुमारे ११ अब्ज डॉलर होता. एखाद्या नोबेल विजेत्याने तिचे संचालक होण्याची ती पहिलीच वेळ होती.

पेशीतल्या एका जनुकाचा माग काढणारा शास्त्रज्ञ आणि देशाचा पैसा कोणत्या रोगावर किती खर्च व्हावा याचे उत्तर लोकप्रतिनिधींना देणारा अधिकारी, ही वरवर पाहता दोन वेगळी आयुष्ये आहेत. व्हार्मस यांच्या बाबतीत मात्र ती एकाच प्रश्नाने जोडलेली दिसतात: विज्ञानाने कोणता प्रश्न विचारावा, हे कोणी ठरवायचे? हा प्रश्न त्यांच्या कारकिर्दीत पुन्हा पुन्हा का उभा राहिला, हे समजून घ्यायचे तर आधी त्यांना नोबेल मिळवून देणारा प्रयोग नीट समजून घ्यावा लागतो.

व्हार्मस यांचा जन्म १९३९ सालचा, न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडमधला. वडील डॉक्टर होते, पण मुलाचा ओढा साहित्याकडे होता. ॲमहर्स्ट महाविद्यालयातून इंग्रजी साहित्याची पदवी आणि हार्वर्डमधून १९६२ मध्ये एम. ए. झाल्यावर त्यांनी वैद्यकाकडे वळण्याचे ठरवले. हार्वर्डच्या वैद्यकीय शाखेने त्यांना दोनदा नाकारले, कोलंबिया विद्यापीठाने घेतले आणि १९६६ मध्ये ते डॉक्टर झाले. शिकत असतानाच काही महिने त्यांनी भारतात बरेलीच्या मिशन रुग्णालयात काम केले होते. पुढे व्हिएतनाम युद्धाच्या काळात सक्तीच्या लष्करी सेवेला पर्याय म्हणून अनेक तरुण डॉक्टर सरकारी आरोग्य सेवेत जात, तसे तेही १९६८ मध्ये एनआयएचमध्ये दाखल झाले. ज्या संस्थेचे ते पंचवीस वर्षांनी प्रमुख होणार होते, तिथेच वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी त्यांनी आयुष्यात प्रथमच गंभीरपणे प्रयोगशाळेत काम केले, आणि तेही जिवाणूंच्या जनुकांवर. त्याच काळात त्यांच्या आईला स्तनाचा कर्करोग झाला आणि त्यातच त्या गेल्या. १९७० मध्ये ते सॅन फ्रान्सिस्को येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात मायकेल बिशप यांच्याकडे गेले, आणि तिथून कर्करोगाच्या संशोधनाला खरी सुरुवात झाली.

त्यांच्या हाती आलेला विषय मात्र माणसाच्या कर्करोगाचा नव्हता. तो कोंबडीच्या विषाणूचा होता. १९११ मध्ये पेटन राउस यांनी कोंबडीच्या एका गाठीचा रस इतका बारीक गाळला की त्यात एकही पेशी उरली नाही, आणि तो दुसऱ्या कोंबडीला टोचला तर तिलाही गाठ झाली. कर्करोग विषाणूमुळे होऊ शकतो, याचा हा पुरावा होता. त्याचे मोल कळायला इतका वेळ लागला की राउस यांना नोबेल मिळाले ते १९६६ मध्ये, म्हणजे तब्बल ५५ वर्षांनी. या विषाणूचे जनुकीय साहित्य आरएनएचे असते. तो पेशीत शिरला की त्या आरएनएवरून डीएनएची प्रत तयार होते आणि ती प्रत पेशीच्या स्वतःच्या डीएनएत जाऊन बसते. ही उलटी नक्कल करणारे विकर १९७० मध्ये हॉवर्ड टेमिन आणि डेव्हिड बाल्टिमोर यांनी स्वतंत्रपणे शोधले. विषाणूच्या मोजक्या जनुकांपैकी गाठ निर्माण करण्याचे काम एकटेच जनुक करते, हेही त्या सुमारास स्पष्ट होत होते. त्या जनुकाला ‘सार्क’ हे नाव पडले.

आता प्रश्न असा होता की हे जनुक विषाणूकडे आले कुठून? त्या काळी एक मत असे होते की फार पूर्वी विषाणूंनी पेशींमध्ये सोडून दिलेली कर्करोगाची जनुके तिथे सुप्तपणे पडून असतात आणि काही कारणाने जागी झाली की गाठ होते. हे खरे की खोटे हे पाहण्यासाठी निरोगी कोंबडीच्या डीएनएत सार्क आहे का, हे शोधणे आवश्यक होते. पण डीएनएतील अक्षरांचा क्रम वाचण्याची सोय तेव्हा प्रयोगशाळांच्या हाती नव्हती. त्यामुळे व्हार्मस, बिशप आणि त्यांचे सहकारी यांनी जो मार्ग काढला तो सरळ वजाबाकीचा होता, आणि मला तो आजही अतिशय देखणा वाटतो.

विषाणुशास्त्रज्ञ पीटर व्होग्ट यांच्याकडे या विषाणूचा एक असा वाण होता की ज्यातून सार्कचा भाग गळून गेला होता. तो वाण पेशीत वाढू शकत असे, पण गाठ करू शकत नसे. सॅन फ्रान्सिस्कोच्या गटाने गाठ करणाऱ्या विषाणूच्या आरएनएवरून डीएनएचे किरणोत्सारी तुकडे तयार केले आणि ते सार्क नसलेल्या विषाणूच्या आरएनएत मिसळले. दोन्हीकडे समान असलेले सगळे तुकडे आपापल्या जोडीदाराला जाऊन चिकटले. ते बाजूला काढले. ज्यांना जोडीदार सापडला नाही तेवढेच तुकडे उरले, आणि ते अर्थातच सार्कचे होते. फ्रान्सहून आलेले तरुण संशोधक डॉमिनिक स्टेहेलिन यांनी महिनोन्‌महिने खपून हे किरणोत्सारी तुकडे तयार केले. हे तुकडे म्हणजे जणू सार्क हुंगून काढणारे श्वान होते.

मग निरोगी कोंबडीचा डीएनए तापवून त्याचे दोन धागे सुटे केले, त्यात हे तुकडे सोडले आणि मिश्रण पुन्हा थंड होऊ दिले. जुळणारा क्रम असेल तरच तुकडा धाग्याला चिकटतो, आणि इथे तो चिकटला. ज्या कोंबडीला हा विषाणू कधी शिवलाही नव्हता, तिच्या पेशींतही सार्क होते. पण खरी गोष्ट पुढची आहे. या गटाने लावा, टर्की, बदक आणि शहामृगासारखा दिसणारा एमू यांचे डीएनएही तपासले, आणि सगळीकडे सार्कशी जुळणारा क्रम मिळाला. कोंबडीच्या नात्यात जवळच्या पक्ष्यांमध्ये जोडी घट्ट बसत होती. एमू दूरचा नातलग असल्याने त्याच्या बाबतीत ती कमी तापमानालाच सुटत होती, कारण अक्षरांमध्ये थोडा थोडा फरक पडला होता. विषाणूने मागे टाकलेला ऐवज असता तर तो एका पक्ष्यात सापडला असता आणि दुसऱ्यात नसता. नात्याच्या अंतराप्रमाणे थोडे थोडे बदलत गेलेले, तरीही कोट्यवधी वर्षे टिकून राहिलेले जनुक म्हणजे पेशीचे स्वतःचे, तिला हवे असलेले जनुक. पेशीने ते विषाणूकडून घेतलेले नव्हते, विषाणूनेच ते पेशीकडून उचलले होते आणि उचलताना बिघडवले होते.

१९७६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या निष्कर्षाने कर्करोगाकडे पाहण्याची दिशाच पालटली. माणसासकट अनेक प्राण्यांमध्ये सार्क सापडले आणि पुढे अशी कितीतरी जनुके उजेडात आली. ती पेशीला केव्हा वाढायचे, केव्हा विभागायचे हे सांगण्याचे रोजचे काम करतात. धूर, किरणोत्सर्ग किंवा डीएनएची नक्कल करताना होणारी साधी चूक यांमुळे त्यांच्यात बिघाड झाला की तोच संदेश अखंड मिळत राहतो. कर्करोग आपल्याच जनुकांच्या बिघाडातून होतो, हे आज शाळेच्या पुस्तकातही लिहिता येईल इतके सवयीचे झाले आहे; ते सवयीचे झाले याचे मोठे श्रेय या प्रयोगाला आहे. व्हार्मस यांच्यातला साहित्याचा विद्यार्थीही कधी पुसला गेला नाही. नोबेल समारंभातील भोजनप्रसंगी त्यांनी कर्करोगाच्या पेशीची तुलना प्राचीन इंग्रजी महाकाव्यातल्या राक्षसाशी केली: तो बाहेरचा कोणी नाही, तो आपलेच विपरीत रूप आहे.

बिशप आणि व्हार्मस यांना १९८९ चे नोबेल विभागून मिळाले. स्टेहेलिन यांना ते मिळाले नाही आणि त्यांनी उघडपणे त्याचा निषेध केला. ज्याच्या हातून प्रयोगाचा सर्वांत किचकट भाग झाला तो माणूस पारितोषिकाबाहेर राहिला, ही बाब नोंदवल्याशिवाय या शोधाची हकिकत सांगू नये असे मला वाटते.

या सगळ्यातून व्हार्मस यांच्या मनात एक गोष्ट ठसली असणार, आणि त्यांचा पुढचा कारभार ती दाखवतो. माणसाच्या कर्करोगाचे कारण शोधा असा आदेश देऊन कोणी एमूचे रक्त मागवले नसते. हे संशोधन करदात्यांच्या पैशावर झाले, पण कोंबडीच्या विषाणूचा नाद सोडू नका असे कोणत्याही करदात्याने सांगितले नव्हते.

आता एनआयएचचे काम कसे चालते ते पाहू, कारण संचालक म्हणजे तिजोरीच्या किल्ल्या हाती असलेला माणूस असा समज असतो आणि तो बराचसा चुकीचा आहे. वॉशिंग्टनला लागून असलेल्या बेथेस्डा येथे एनआयएचचे मुख्य आवार आहे. व्हार्मस तिथे अनेकदा सायकलवरून जात. संस्थेचा बहुतांश पैसा या आवारात खर्च होत नाही, तो अनुदानाच्या रूपाने देशभरच्या विद्यापीठांना आणि रुग्णालयांना जातो. शास्त्रज्ञ अर्ज करतात, त्याच विषयातील बाहेरच्या तज्ज्ञांची समिती अर्जांना गुण देते, मग दुसरे सल्लागार मंडळ त्यावर विचार करते. कर्करोग, हृदयविकार, ॲलर्जी व संसर्गजन्य रोग अशा प्रत्येक विषयाची स्वतंत्र संस्था असते आणि काँग्रेस, म्हणजे अमेरिकेची संसद, प्रत्येकीला वेगळा निधी मंजूर करते. संचालकाच्या हाती थेट असा पैसा थोडाच असतो. त्याचे वजन दोन ठिकाणी पडते: या संस्थांवर कोणाला नेमायचे, आणि काँग्रेसच्या समितीपुढे काय मांडायचे.

ही दुसरी गोष्ट फार अवघड असते. रुग्णांच्या संघटना लोकप्रतिनिधींना भेटतात आणि आमच्या रोगाला इतका कमी पैसा का, असे विचारतात. त्यांचे दुःख खरे असते आणि प्रश्नही रास्त असतो. १९९० च्या दशकात तर एड्सने होणाऱ्या प्रत्येक मृत्यूमागे संशोधनाचे किती डॉलर आणि हृदयविकाराने होणाऱ्या मृत्यूमागे किती, असा हिशेब जाहीरपणे मांडला जात होता. व्हार्मस यांचे म्हणणे असे की मृतांच्या संख्येवरून निधी वाटता येत नाही. रोगाचे ओझे बघावेच लागते, पण त्या विषयात आत्ता वैज्ञानिकदृष्ट्या पुढे जाण्याची वाट दिसते आहे का हेही बघावे लागते. शिवाय एका रोगाच्या नावाने सुरू केलेले काम भलत्याच रोगाला उपयोगी पडते. संस्था आपले प्राधान्य कसे ठरवते, हे सांगणारी एक पुस्तिका त्यांनी १९९७ मध्ये काढली. त्यानंतर एका स्वतंत्र परीक्षणात, एनआयएचने सामान्य लोकांचे म्हणणे ऐकण्याची ठोस व्यवस्था करावी, अशी शिफारस झाली आणि त्यातून लोकप्रतिनिधींचे नव्हे तर लोकांचे प्रतिनिधी असलेले एक सल्लागार मंडळ उभे राहिले. मला ही दुरुस्ती आवश्यक होती असे वाटते. शास्त्रज्ञांना मोकळीक हवी हे खरे असले तरी पैसा देणाऱ्याला दार ठोठावण्याचा हक्क असलाच पाहिजे.

त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत बोचरा नैतिक वाद कर्करोगाचा नव्हता. १९९४ मध्ये सिद्ध झाले की एचआयव्हीबाधित गर्भवती स्त्रीला एझेडटी हे औषध एका लांबलचक पद्धतीने दिले तर बाळाला लागण होण्याचे प्रमाण सुमारे दोन तृतीयांशाने घटते. पण ही पद्धत खर्चिक होती आणि गरीब देशांना परवडणारी नव्हती. म्हणून तिथे कमी दिवसांच्या, स्वस्त उपचाराच्या चाचण्या सुरू झाल्या, आणि त्यांपैकी अनेकींत काही स्त्रियांना औषधाऐवजी निष्प्रभ गोळी दिली जात होती. ज्या रोगावर उपाय ठाऊक आहे तिथे असे करणे अमेरिकेत कोणी खपवून घेतले असते का, असा सवाल टीकाकारांनी १९९७ मध्ये केला. व्हार्मस आणि रोगनियंत्रण केंद्राचे तेव्हाचे प्रमुख डेव्हिड सॅचर यांनी लेख लिहून चाचण्यांचे समर्थन केले: त्या देशांपुढचा प्रश्न स्वस्त उपचार महागड्या उपचाराइतका चांगला आहे का हा नाही, तर सध्या काहीच मिळत नाही त्यापेक्षा तो चांगला आहे का हा आहे, आणि त्याचे उत्तर लवकर मिळाले पाहिजे. १९९८ मध्ये थायलंडमधील चाचणीत छोट्या उपचाराने लागण निम्म्यावर आल्याचे दिसले. तरीही निष्प्रभ गोळी मिळालेल्या मातांचा विचार केला की हा वाद मिटला असे म्हणण्याचे धाडस मला होत नाही. सार्वजनिक आरोग्याच्या खुर्चीवर बसलेल्या माणसाला अशा वेळी स्वतःच्या नावानिशी भूमिका घ्यावी लागते, आणि ती त्यांनी घेतली.

त्यांचा एक निर्णय पुढे त्रासदायक ठरला. एनआयएचच्या स्वतःच्या शास्त्रज्ञांनी खासगी कंपन्यांना सल्ला देऊन मोबदला घेण्यावर जी बंधने होती, ती त्यांनी १९९५ मध्ये सैल केली. चांगली माणसे टिकावीत हा त्यामागचा हेतू होता. सुमारे आठ वर्षांनी काही शास्त्रज्ञांचे कंपन्यांशी असलेले आर्थिक संबंध वृत्तपत्रांतून बाहेर आले आणि २००५ मध्ये बंधने पूर्वीपेक्षा कडक झाली. याउलट त्यांच्या कार्यकाळाच्या अखेरीस मांडलेली एक कल्पना कमालीची फळाला आली. करदात्यांनी पैसा दिलेल्या संशोधनाचे लेख वाचण्यासाठी त्याच करदात्यांना पुन्हा पैसे का मोजावे लागावेत, असे विचारून त्यांनी १९९९ मध्ये सर्वांना मोफत वाचता येईल अशा संग्रहाचा प्रस्ताव ठेवला. प्रकाशकांनी जोरदार विरोध केला, पण २००० च्या सुरुवातीला पबमेड सेंट्रल हा संग्रह सुरू झाला, आणि आज घरच्या माणसाच्या आजाराबद्दल मूळ शोधनिबंध वाचू पाहणाऱ्या कोणालाही तो उघडा आहे.

१९९९ च्या अखेरीस ते पायउतार झाले तेव्हा एनआयएचचा अर्थसंकल्प सुमारे १८ अब्ज डॉलरवर पोहोचला होता आणि काँग्रेसने तो पाच वर्षांत दुप्पट करण्याचा मार्ग धरला होता. पुढची दहा वर्षे त्यांनी न्यूयॉर्कच्या मेमोरियल स्लोन केटरिंग कर्करोग केंद्राचे अध्यक्षपद सांभाळले. प्रशासनात गेलेला शास्त्रज्ञ प्रयोगशाळा विसरतो म्हणतात, पण व्हार्मस ती विसरले नाहीत. फुप्फुसाच्या काही कर्करोगांत ईजीएफआर या जनुकातील बिघाड असेल तरच विशिष्ट गोळ्या लागू पडतात, हे २००४ मध्ये दाखवणाऱ्या गटांपैकी एक त्यांचा होता. आणि त्याच गोळ्या काही महिन्यांनी निकामी का होतात, याचे एक प्रमुख कारण असलेला दुसरा बिघाड त्यांच्या गटाने २००५ मध्ये ओळखला. त्या दुसऱ्या बिघाडावर चालणाऱ्या ओसिमर्टिनिब या औषधाला अमेरिकेत २०१५ मध्ये मान्यता मिळाली.

२०१० मध्ये ते नॅशनल कॅन्सर इन्स्टिट्यूटचे संचालक झाले. ही संस्था एनआयएचच्याच छत्राखाली येते. म्हणजे ज्या संस्थेचे ते एकेकाळी सर्वोच्च प्रमुख होते तिच्या एका शाखेचे प्रमुखपद त्यांनी स्वीकारले, आणि असे करणारे ते पहिलेच. आता पैसा वाढत नव्हता. २०१३ मध्ये तर सरसकट कपातीत सुमारे ५ टक्के निधी गेला. अर्थसंकल्प दुप्पट होत असताना विद्यापीठांनी नवी प्रयोगशाळा-भवने बांधली, विद्यार्थी वाढवले, आणि वाढ थांबल्यावर तरुण शास्त्रज्ञांची अनुदानासाठी जीवघेणी चढाओढ सुरू झाली. ही व्यवस्था अशी टिकणार नाही असे सांगणारा लेख व्हार्मस यांनी आणखी तीन मान्यवर शास्त्रज्ञांसह २०१४ मध्ये लिहिला. पदावर असताना, ज्या वाढीत आपलाही हात होता तिच्या दुष्परिणामांबद्दल इतके स्पष्ट लिहिणे मला त्यांच्या प्रामाणिकपणाचे लक्षण वाटते. सिद्ध कर्तृत्वाच्या संशोधकांना सात वर्षांपर्यंत निर्धास्तपणे काम करता यावे असे एक अनुदानही त्यांच्या काळात आखले गेले.

पण याच काळात त्यांनी उलट्या दिशेनेही, म्हणजे संशोधकांना ठरावीक प्रश्न नेमून देण्याच्या दिशेनेही, पाऊल टाकले. पसरलेले काही कर्करोग केवळ औषधांनी पूर्ण बरे होतात आणि बाकीचे होत नाहीत, असे का? लठ्ठपणामुळे कर्करोगाचा धोका नेमका कसा वाढतो? दुर्लक्षित राहिलेल्या अशा प्रश्नांची यादी त्यांनी देशभरच्या शास्त्रज्ञांकडूनच मागवली आणि त्यांच्या उत्तरांसाठी वेगळा निधी ठेवला. २०१३ मध्ये तर त्यांनी एकाच लक्ष्यावर मोठी मोहीम उघडली: रास नावाची जनुके. तीही सार्कसारखीच प्रथम प्राण्यांच्या विषाणूंत सापडली होती. सुमारे तीस वर्षे माहीत होते की माणसाच्या अनेक कर्करोगांत, विशेषतः स्वादुपिंडाच्या बहुतेक सगळ्या कर्करोगांत, ती बिघडलेली असतात. पण त्यांच्या प्रथिनाच्या गुळगुळीत पृष्ठभागावर औषधाला पकड घेण्याजोगी खाच सापडत नव्हती. फ्रेडरिक येथील राष्ट्रीय प्रयोगशाळेला हे काम नेमून देण्यात आले आणि बाहेरच्या संशोधकांसाठी तिथली साधने, नमुने आणि माहिती खुली करण्यात आली.

ती खाच मात्र त्याच वर्षी त्या मोहिमेबाहेर सापडली. सॅन फ्रान्सिस्कोच्या त्याच विद्यापीठात, जिथे चार दशकांपूर्वी सार्कचे तुकडे कोंबडीच्या डीएनएला चिकटले होते, केव्हन शोकाट यांच्या गटाने रासच्या एका विशिष्ट बिघडलेल्या रूपाला धरून ठेवणारे रसायन शोधले. त्या वाटेने पुढे गेलेल्या संशोधनातून तयार झालेल्या सोटोरासिब या गोळीला मे २०२१ मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगासाठी मान्यता मिळाली. व्हार्मस २०१५ मध्येच सरकारी पद सोडून न्यूयॉर्कच्या वाइल कॉर्नेल वैद्यकीय महाविद्यालयात प्राध्यापक म्हणून परतले होते, आणि फुप्फुसाच्या कर्करोगातली जनुके पुन्हा त्यांच्या प्रयोगशाळेच्या टेबलावर आली होती.